स्वप्ने खरी होतात ते बेट

‘आपली सर्व स्वप्ने साकार होवोत’ ही शुभेच्छा आपण किती सहजपणे देतो! नववर्षाच्या भेटकार्डांवर, लग्नपत्रिकांच्या उत्तरांत, गृहबांधणी व्यावसायिकांच्या भल्यामोठ्या फलकांवर हे वाक्य इतक्या वेळा भेटते की त्याच्या अर्थाकडे कोणी लक्षही देत नाही. परंतु क्षणभर त्याचा शब्दशः अर्थ घेऊन पाहावा. काल रात्री झोपेत जे दिसले, ते आज दाराशी येऊन उभे राहिले तर? परवाच्या, किंवा लहानपणी तापात पडलेल्या स्वप्नाचे काय? या प्रश्नाचे उत्तर एका ब्रिटिश लेखकाने १९५२ साली मुलांसाठी लिहिलेल्या एका कादंबरीत दिले आहे. त्यासाठी त्याने आपल्या काल्पनिक समुद्राच्या नकाशावर एक बेट टाकले. ते बेट म्हणजे नार्नियाच्या पूर्वसमुद्रातील ‘डार्क आयलंड’, अर्थात काळोखाचे बेट.

सी. एस. लुईस (१८९८-१९६३) हे मूळचे बेलफास्टचे. मध्ययुगीन साहित्याचे पंडित म्हणून ते ऑक्सफर्डमध्ये अनेक वर्षे अध्यापन करीत होते. ‘द क्रॉनिकल्स ऑफ नार्निया’ या त्यांच्या सात कादंबऱ्यांच्या मालिकेतील तिसरी प्रकाशित कादंबरी म्हणजे ‘द व्हॉयेज ऑफ द डॉन ट्रेडर’. नार्नियाचा तरुण राजा कॅस्पियन ‘डॉन ट्रेडर’ नावाच्या जहाजातून पूर्वेकडे निघाला आहे. त्याच्या वडिलांच्या निष्ठावंत अशा सात सरदारांना सत्ता बळकावणाऱ्या त्याच्या काकाने अज्ञात समुद्राच्या शोधाच्या निमित्ताने दूर धाडून दिले होते. त्या सातांचे काय झाले याचा शोध घेणे हे या सफरीचे प्रयोजन. जहाजावर आपल्या जगातून तेथे पोहोचलेली एडमंड, लूसी आणि युस्टेस ही तीन मुले आहेत, कप्तान ड्रिनियन आहे आणि कमरेला तलवार लावणारा, शौर्याचा मूर्तिमंत पुतळा असा रीपिचीप नावाचा बोलका उंदीर आहे.

काळोखाचा डोंगर

कादंबरीच्या बाराव्या प्रकरणात हे बेट येते. बारा दिवस जहाज मंद वाऱ्यावर चालले आहे. आकाश निरभ्र आहे, पण पक्षी नाहीत, मासे नाहीत. तेराव्या दिवशी एडमंडला दूरवर समुद्रातून वर आलेल्या एका प्रचंड काळ्या डोंगरासारखे काहीतरी दिसते. जहाज वल्ह्यांच्या बळावर जवळ जाते, तेव्हा लक्षात येते की हा डोंगर नाही आणि धुकेही नाही. तो नुसता काळोख आहे. भर दिवसा, निळ्या समुद्राच्या मधोमध उभा असलेला काळोख.

त्याचे वर्णन करण्यासाठी लुईस यांनी आगगाडीच्या बोगद्याची उपमा योजली आहे. तोंडाशी रूळ स्वच्छ उन्हात, पुढे अंधूक उजेडात आणि त्यापुढे एकाएकी दिसेनासे होणारे. कोकण रेल्वेने प्रवास केलेल्यांना ही उपमा समजावून सांगावी लागणार नाही. येथे रुळांच्या जागी पाणी आहे, एवढाच फरक.

आत शिरावे की नाही, यावर जहाजावर चर्चा होते. बहुतेकांना परत फिरावे असेच वाटते. मात्र रीपिचीपला भीतीपोटी मागे फिरणे हा नार्नियाच्या सन्मानावरील डाग वाटतो. आत जाऊन उपयोग काय, असे विचारले असता तो उत्तर देतो की ही सफर पोट किंवा थैली भरण्यासाठी निघालेलीच नाही. या उत्तरापुढे कोणाचे काही चालत नाही. कंदील पेटवले जातात, शस्त्रे बाहेर काढली जातात, लूसी धनुष्यबाण घेऊन डोलकाठीवरच्या मचाणावर बसते आणि जहाज काळोखात शिरते.

आत थंडी आहे, आणि वल्ह्यांखेरीज कसलाही आवाज नाही. मग अचानक एक किंकाळी ऐकू येते. ती माणसाची आहे, पण त्या स्वरातील भीती इतकी पराकोटीची आहे की तो माणूस आहे यावर विश्वास बसू नये. पाण्यातून पोहत आलेल्या त्या माणसाला जहाजावर ओढून घेतले जाते. हाच सात सरदारांपैकी एक, लॉर्ड ऱ्हूप. जहाज ताबडतोब वळवा, असे तो विनवतो आणि कारण सांगतो: हे स्वप्ने खरी होणारे बेट आहे.

स्वप्न आणि मनोराज्य

यापुढील प्रसंग या प्रकरणाचा गाभा आहे. ऱ्हूपचे बोलणे ऐकून खलाशांना प्रथम आनंदच होतो. एकाला वाटते, याच बेटाच्या शोधात तर आपण इतकी वर्षे होतो. येथे उतरलो तर जिच्यावर जीव जडला तिच्याशी आपले लग्न झालेले असेल. दुसऱ्याला वाटते, आपला गेलेला माणूस येथे पुन्हा जिवंत भेटेल. ऱ्हूप संतापून त्यांना मूर्ख ठरवतो. आपण मनोराज्यांविषयी बोलत नसून स्वप्नांविषयी बोलत आहोत, हे तो त्यांना बजावतो.

अर्धा मिनिट शांततेत जातो. त्या अर्ध्या मिनिटात प्रत्येकाला आपापली स्वप्ने आठवतात. पुन्हा झोप लागू नये असे वाटायला लावणारी स्वप्ने. आणि मग सारे खलाशी आज्ञेची वाट न पाहता वल्ह्यांकडे धाव घेतात.

मराठीत ‘मनोराज्य’ आणि ‘स्वप्न’ असे दोन वेगळे शब्द असूनही व्यवहारात आपण दोन्हींसाठी ‘स्वप्न’ हाच शब्द वापरतो. घराचे स्वप्न, परदेशी जाण्याचे स्वप्न, मुलाने डॉक्टर होण्याचे स्वप्न. ही सारी खरे तर मनोराज्ये. ती आपण जागेपणी, आपल्या मर्जीने रचतो; त्यांत नको असलेले पात्र प्रवेश करू शकत नाही. झोपेतल्या स्वप्नाचे तसे नसते. तेथे आपण नाटककार असूनही आपल्याला संहिता दाखवली जात नाही. ‘मनी वसे ते स्वप्नी दिसे’ ही म्हण आपण बहुधा हसून वापरतो. परंतु मनात वसणाऱ्या गोष्टी सगळ्याच हव्याहव्याशा असतात असे कोणी म्हटले? आपल्याच भाषेत दुसरी म्हण आहे: ‘मन चिंती ते वैरी न चिंती.’ लुईस यांचे बेट नेमके या दोन म्हणींच्या सांध्यावर उभे आहे.

या बेटाचे भय विशेष आहे ते आणखी एका कारणाने. स्वप्ने प्रामुख्याने पडतात त्या निद्रावस्थेचा, म्हणजे ‘रेम’ झोपेचा, शोध युजीन असेरिन्स्की आणि नॅथॅनिएल क्लाइटमन यांनी १९५३ साली, म्हणजे या कादंबरीनंतर एका वर्षाने, जाहीर केला. या अवस्थेत मेंदू अत्यंत सक्रिय असतो; पण हातापायांचे स्नायू जवळजवळ लुळे पडलेले असतात, हे पुढील संशोधनातून स्पष्ट झाले. स्वप्नात आपण धावतो, पण अंथरुणावरून उठत नाही. निसर्गाने स्वप्न आणि कृती यांच्यामध्ये घातलेली ही एक भिंत आहे. दुसरी भिंत जाग येण्याची. कितीही भयंकर स्वप्न असले तरी ते संपते. काळोखाच्या बेटावर या दोन्ही भिंती पाडलेल्या आहेत. तेथे जाग आधीच आलेली असते, म्हणून सुटण्यासाठी जागे होण्याचा मार्ग उरत नाही.

जुन्या दर्यावर्दींचा वारसा

समुद्रातील मायावी व प्राणघातक स्थळांची कल्पना लुईस यांनी शून्यातून काढलेली नाही. होमरच्या ‘ओडिसी’मध्ये सहा डोक्यांची स्किला आणि पाणी गिळणारी कॅरिब्डिस यांच्यामधून जहाज न्यावे लागते. पुढच्या काळात लोकांनी ती जागा इटली आणि सिसिली यांमधील मेसिनाच्या सामुद्रधुनीत असल्याचे मानले. तेथे उलटसुलट प्रवाहांमुळे खरोखरच भोवरे निर्माण होतात. ‘अरेबियन नाइट्स’मध्ये जहाजाचे खिळे ओढून घेणारा चुंबकाचा पर्वत आहे. कृष्णशास्त्री चिपळूणकरांच्या ‘अरबी भाषेतील सुरस व चमत्कारिक गोष्टीं’मुळे या कथासंग्रहाची ओळख मराठी वाचकाला एकोणिसाव्या शतकापासूनच आहे. आयर्लंडच्या प्राचीन साहित्यात तर ‘इम्राम’ नावाचा समुद्रप्रवासकथांचा स्वतंत्र प्रकारच आहे. त्यात नायक बेटामागून बेटे पाहत जातो आणि प्रत्येक बेटावर वेगळे आश्चर्य भेटते. आयर्लंडमध्ये जन्मलेल्या आणि मध्ययुगीन वाङ्मयात मुरलेल्या लुईस यांनी ‘डॉन ट्रेडर’ची रचना याच धर्तीवर केली आहे.

काळोख्या समुद्राचीही परंपरा जुनी आहे. अरब भूगोलतज्ज्ञ अटलांटिक महासागराला ‘अंधाराचा समुद्र’ म्हणत. आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरील बोजादोर हे भूशिर तर कित्येक पिढ्या युरोपीय खलाशांच्या दृष्टीने जगाचा शेवट होते. तेथील उथळ पाणी, धुके आणि प्रवाह हे धोके खरे होते. पण त्याहून मोठा धोका होता तो पलीकडे गेलेला माणूस परत येत नाही या समजुतीचा. पोर्तुगालच्या राजपुत्र हेन्रीने पाठवलेला जिल इआनीश १४३३ साली कच खाऊन परतला. पुढच्या वर्षी, १४३४ मध्ये, त्याने ते भूशिर ओलांडले आणि पलीकडे त्याला शांत समुद्र व निर्मनुष्य किनारा आढळला. पुरावा म्हणून त्याने तेथील काही रानफुले राजपुत्राला आणून दिली. इतक्या मोठ्या भयाच्या पलीकडे एवढेच होते!

तथापि, स्किला किंवा चुंबकपर्वत आणि काळोखाचे बेट यांत एक मूलभूत भेद आहे. स्किला सर्वांना सारखीच खाते; चुंबकपर्वत कोणाचेही जहाज तसेच मोडतो. लुईस यांचे बेट मात्र स्वतः काहीच करीत नाही. कादंबरीत त्याच्या किनाऱ्यावर कोणी उतरत नाही; तेथे काय आहे हे वाचकाला अखेरपर्यंत सांगितले जात नाही. जहाज परतीच्या वाटेवर असताना प्रत्येकाला वेगळेच काही ऐकू येते. कोणाला घंटांचे ठोके सुरू झाल्यासारखे वाटते, कोणाला जहाजाच्या बाजूने काहीतरी वर चढत असल्याचा भास होतो. युस्टेसला एखादी प्रचंड कात्री उघडझाप करीत असल्याचा आवाज येतो. म्हणजे धोक्याची सामग्री प्रत्येकाने आपल्याबरोबरच आणलेली आहे. बेट फक्त तिला जागा देते.

कात्रीचा आवाज

ही कात्री कोठून आली असावी, याचा धागा लुईस यांच्या आत्मचरित्रात सापडतो. ‘सरप्राइज्ड बाय जॉय’ (१९५५) मध्ये त्यांनी आपल्या बालपणीच्या दुःस्वप्नांविषयी लिहिले आहे. ती दोन प्रकारची असत: भुतांची आणि कीटकांची. त्यांतील कीटकांची अधिक भयानक. लहानपणीच्या एका चित्राच्या पुस्तकात एका भुंग्याची शिंगे मागून हलवता येतील अशी जोडलेली होती आणि ती चिमट्यासारखी उघडमीट करीत. त्या पानाची धास्ती त्यांच्या मनातून पुढे अनेक वर्षे गेली नाही. युस्टेसच्या कानातील कात्रीचा आवाज आणि त्या भुंग्याची शिंगे यांचे नाते अनेक वाचकांच्या लक्षात आले आहे.

लुईस नऊ वर्षांचे असताना, १९०८ साली, त्यांची आई कर्करोगाने गेली. आपल्या एकोणिसाव्या वाढदिवशी, नोव्हेंबर १९१७ मध्ये, ते फ्रान्समधील खंदकांत दाखल झाले आणि एप्रिल १९१८ मध्ये तोफगोळ्याच्या स्फोटात जखमी झाले. गेलेले माणूस परत भेटावे ही खलाशाची इच्छा आणि पुन्हा झोपूच नये असे वाटायला लावणारी भीती, या दोन्ही गोष्टी त्यांनी पुस्तकांतून उसन्या घेतल्या नव्हत्या.

मुलांच्या पुस्तकात एवढे भय असावे काय, हा आक्षेप त्यांच्याही काळी घेतला जात असे. १९५२ सालीच मुलांसाठी लेखन करण्याच्या पद्धतींविषयी दिलेल्या व्याख्यानात त्यांनी त्याचा परामर्श घेतला. मुलाच्या मनात विकृत, लुळे पाडणारी भीती निर्माण करू नये, हे त्यांना मान्य होते. आपण स्वतः रात्रीच्या भीतीने पोळलेलो आहोत, असेही त्यांनी सांगितले. परंतु जगात मृत्यू, हिंसा आणि दुष्टपणा आहेतच. मग मुलांनी निदान शूरांच्या कथाही ऐकलेल्या असाव्यात, असे त्यांचे प्रतिपादन होते.

सुटकेचा मार्ग

जहाज परत फिरले आहे. आत यायला जेमतेम पाच मिनिटे लागली होती. पण बाहेर पडण्यासाठी त्याहून अधिक वेळ वल्ही मारूनही उजेड दिसत नाही. आपण गोल गोल फिरत आहोत, असे खलाशांना वाटू लागते. ज्याला वाचवले तो ऱ्हूपच आता आपण कधीच सुटणार नाही म्हणून विकटपणे हसू लागतो. वर मचाणावर बसलेली लूसी हळूच अस्लानचा धावा करते. अस्लान म्हणजे नार्नियाचा सिंहरूपी त्राता. काळोख तसूभरही कमी होत नाही. पण तिला किंचित बरे वाटते. मग प्रकाशाचा एक बारीक ठिपका दिसतो, त्यातून एक तिरीप जहाजावर पडते. त्या तिरिपेतून काहीतरी येत आहे. ते प्रथम क्रुसासारखे दिसते, मग विमानासारखे, मग पतंगासारखे, आणि अखेरीस पंख फडफडवीत एक अल्बट्रॉस पक्षी डोलकाठीभोवती तीन घिरट्या घालतो. त्याने लूसीच्या कानात धीराचे दोन शब्द सांगितले, हे तिच्याखेरीज कोणालाच कळत नाही. ड्रिनियन त्या पक्ष्यामागे जहाज हाकतो आणि थोड्याच वेळात सारे उन्हात येतात.

इंग्रजी साहित्याच्या वाचकाला अल्बट्रॉस म्हटले की कोलरिजची १७९८ सालची वृद्ध खलाशाची दीर्घकविता आठवते. तेथे धुक्यातून आलेल्या या पक्ष्याला खलाशी विनाकारण मारतो आणि सारे जहाज शापित होते. लुईस यांच्या जहाजावर सर्वजण सशस्त्र आहेत, लूसीच्या हातात तर धनुष्यच आहे. पण बाण सुटत नाही. ज्या शस्त्रांवर विसंबून ते काळोखात शिरले, त्यांतील एकही कामी आले नाही, हेही येथे लक्षात घेण्यासारखे आहे. रीपिचीपचे काय? सर्वजण पळत असताना तो एकटाच उंदीर ठाम उभा राहतो. काही गोष्टींना कोणताही मनुष्य तोंड देऊ शकत नाही, असे राजा म्हणतो. त्यावर, मग आपण मनुष्य नाही हे आपले भाग्यच, असे तो उत्तरतो. लुईस यांनी त्याच्या शौर्याचा सन्मान ठेवला आहे. पण पळणाऱ्या माणसांना कमी लेखलेले नाही.

एका प्रसंगाचे दोन शेवट

या प्रकरणाचे लुईस यांनी दोन निरनिराळे शेवट लिहिले, ही गोष्ट पुष्कळ वाचकांना ठाऊक नसते. ब्रिटिश आवृत्तीत जहाज उन्हात येताच सर्वांच्या लक्षात येते की भिण्यासारखे काही नव्हते आणि कधीच नव्हते. मागे वळून पाहतात तो बेट आणि काळोख दोन्ही कायमचे नाहीसे झालेले असतात. अमेरिकन आवृत्ती निघाली तेव्हा लुईस यांनी हा भाग बदलला. तेथे काळोख नाहीसा होत नाही. तो मागे राहून लहान लहान होत जातो. काही भिण्यासारखे नव्हते, हे वाक्यही तेथे नाही. त्याऐवजी दुःस्वप्नातून जागे होऊन सकाळचा उजेड आणि खालच्या रस्त्यावरील ओळखीचे आवाज ऐकताना जो आनंद होतो, त्याची उपमा आहे. आणि ऱ्हूप राजाकडे एकच वर मागतो: त्या बेटावर आपण काय पाहिले हे आपल्याला कधी कोणी विचारू नये. राजा शहारून म्हणतो की हे तर सोपे आहे. ते ऐकावे लागू नये म्हणून आपण सारा खजिना देऊन टाकू.

लुईस यांना हा बदल का करावासा वाटला? अभ्यासकांचा तर्क असा की पहिल्या शेवटात मुलांच्या भीतीला खोटे ठरवल्यासारखे होत होते. हा तर्क पटण्यासारखा आहे. रात्री घामाघूम होऊन उठलेल्या मुलाला आपण काय सांगतो? ‘काही नाही रे, झोप.’ हे सांगणे प्रेमाचे असते. पण त्या मुलाने जे पाहिले ते त्याच्यापुरते काहीतरी होतेच. दुसऱ्या शेवटात भीती नाकारलेली नाही. तिच्यातून बाहेर पडता येते, एवढेच सांगितले आहे. १९९४ पासून जगभरच्या आवृत्त्यांसाठी ब्रिटिश पाठच स्वीकारण्यात आला. त्यामुळे आजचा वाचक बहुधा पहिलाच शेवट वाचतो. आपल्याकडील प्रत कोणत्या पाठाची आहे, हे पुस्तक जवळ असलेल्यांनी अवश्य पडताळून पाहावे.

२०१० मध्ये मायकेल ॲप्टेड यांनी दिग्दर्शित केलेला चित्रपट आला. त्यात हे बेट संपूर्ण कथेचे केंद्र बनवले आहे. तेथून हिरवे धुके पसरते, ते माणसे गिळते आणि त्याचा नायनाट करण्यासाठी सात सरदारांच्या सात तलवारी गोळा कराव्या लागतात. एडमंडच्या मनातील भीती सागरी अजगराचे रूप घेते आणि त्याच्याशी भीषण युद्ध होते. पडद्याची म्हणून काही गरज असते, हे मान्य केले पाहिजे. परंतु तलवारीने मारता येईल असा अजगर समोर उभा केला की बेटाचे मूळ भय ओसरते. कादंबरीतील भय मारता येत नाही. कारण ते कोठे बाहेर नाहीच.

राहता राहिला लॉर्ड ऱ्हूप. बाकीच्यांनी बेटाच्या सीमेवर काही मिनिटे काढली. हा माणूस तेथे राहिला होता. उजेडात आला म्हणून तो एका क्षणात पूर्ववत होत नाही. पुढच्या बेटावर, रामांडू या वृद्ध, निवृत्त ताऱ्याच्या भूमीत, त्याचे तीन सोबती एका मेजाशी मंत्रनिद्रेत बसलेले आढळतात. रामांडू ऱ्हूपला त्यांच्या शेजारच्या खुर्चीवर बसवतो आणि त्याला स्वप्नाचा स्पर्शही नसलेली दीर्घ झोप देतो. सफरीत पुढे चमत्कार पुष्कळ येतात. समुद्राचे पाणी गोड होते, पाण्यावर कमळांसारख्या फुलांचे ताटवे लागतात, जगाची कड दिसू लागते. त्यांतले काहीही ऱ्हूप पाहत नाही. त्याला त्याची गरजही नसते. त्याच्यासाठी सर्वांत मोठे वरदान एवढेच, की डोळे मिटावेत आणि काहीही दिसू नये.